कृतीच्या आधीचा क्षण

मुलाच्या उतावळ्या वागण्याकडे घर आणि शाळा सहसा शिस्तीचा प्रश्न म्हणून पाहतात, आणि त्यामुळे त्यांचे सगळे उपाय कृती घडून गेल्यानंतरचे असतात: रागावणे, डायरीत शेरा लिहिणे, वर्गाबाहेर उभे करणे, खेळायला न सोडणे. अवधान-न्यूनता व अतिचंचलता विकारात, म्हणजे पालकांच्या बोलण्यात आता रुळलेल्या ‘एडीएचडी’त, खरी अडचण मात्र कृतीच्या आधीच्या क्षणात असते. मनात एखादी गोष्ट येणे आणि ती करून टाकणे यांच्या दरम्यान थांबून विचार करण्याची जी उसंत इतर मुलांना वयानुसार मिळत जाते, ती या मुलांना फार उशिरा आणि अपुरी मिळते. शिक्षा कितीही कडक असली तरी ती त्या क्षणापर्यंत पोहोचत नाही. म्हणून मदतही कृतीच्या आधी उभी करावी लागते, हेच या लेखाचे सांगणे आहे.

या विकाराची लक्षणे तीन प्रकारची असतात. पहिला प्रकार अवधानाचा: हाती घेतलेले काम अर्धवट सोडणे, वस्तू हरवणे, सांगितलेले कानावर पडूनही मनात न टिकणे. दुसरा अतिचंचलतेचा, म्हणजे एका जागी बसता न येण्याचा; आणि तिसरा आवेगशीलतेचा, ज्यात प्रश्न पूर्ण होण्याआधी उत्तर देणे, रांगेत न थांबणे, दुसऱ्याच्या हातातील वस्तू हिसकावणे, मारणे आणि लगेच पश्चात्ताप होणे अशा गोष्टी येतात. अमेरिकन मनोविकार संघटनेच्या निदानपुस्तिकेच्या २०१३ मधील पाचव्या आवृत्तीनुसार अवधानाची नऊपैकी किमान सहा किंवा चंचलता-आवेगाची नऊपैकी किमान सहा लक्षणे निदान सहा महिने टिकलेली असावी लागतात, त्यांतील काही बाराव्या वर्षाआधी दिसलेली असावी लागतात, आणि ती घर व शाळा अशा दोन वेगवेगळ्या ठिकाणी आढळून मुलाच्या रोजच्या जगण्यात अडथळा आणणारी असावी लागतात. म्हणून प्रत्येक खोडकर मूल या व्याख्येत बसत नाही. उलट मागच्या बाकावर गप्प बसून खिडकीबाहेर पाहणारी, कोणाला त्रास न देणारी मुलगी मात्र तिच्यात बसू शकते आणि नेमकी तीच वर्षानुवर्षे नजरेतून सुटते.

हा विकार मोबाइलच्या काळात जन्मला, ही समजूत खरी नाही. लंडनमधील बालरोगतज्ज्ञ जॉर्ज स्टिल यांनी १९०२ मधील व्याख्यानांत बुद्धी चांगली असूनही स्वतःला आवर घालू न शकणाऱ्या मुलांचे वर्णन केले होते. अमेरिकेतील राष्ट्रीय मानसिक आरोग्य संस्थेतील फिलिप शॉ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००७ मध्ये मेंदूच्या प्रतिमांवरून असे दाखवले की, या मुलांच्या मेंदूचे बाह्यावरण परिपक्वतेचा टप्पा सरासरी सुमारे तीन वर्षे उशिरा गाठते आणि हा विलंब स्वतःला थांबवणे, आखणी करणे ही कामे करणाऱ्या पुढच्या भागात अधिक ठळक असतो. या विकारात आनुवंशिकतेचा वाटा मोठा आहे. अपुऱ्या दिवसांचा जन्म आणि जन्मवेळचे कमी वजन यांमुळेही धोका वाढतो. आईचे लाड, वडिलांची अनुपस्थिती किंवा गोड खाणे यांनी हा विकार निर्माण होत नाही, मात्र अपुरी झोप आणि विस्कळीत दिनक्रम यांनी त्याची लक्षणे तीव्र होतात.

प्रस्तुत लेखिकेचा अनुभव डोंबिवलीतील घराचा आहे आणि तो या भागातील असंख्य घरांच्या दिनक्रमाशी जुळतो. आईवडील सकाळच्या फास्ट लोकलने मुंबई गाठतात, मूल शाळेतून पाळणाघरात आणि तिथून शिकवणीला जाते, आईवडील गर्दीतून परतेपर्यंत दिवेलागण होऊन गेलेली असते, आणि गृहपाठाची वही उघडते ती घरातील सगळेच थकलेले असताना. अशा वेळी शाळेची तक्रार हातात पडली की तिच्यावर विचार होत नाही, तिच्यावरून भांडण होते. ‘मोठा झाला की सुधारेल’, ‘धाकच नाही कुणाचा’, ‘याचे बाबाही लहानपणी असेच होते’ ही वाक्ये नातेवाईक धीर देण्यासाठी बोलतात. पण त्यांतील शेवटचे वाक्य विकाराच्या आनुवंशिकतेकडे बोट दाखवत असते, हे त्या वेळी कोणाच्या ध्यानात येत नाही. मग शिकवणी बदलली जाते, शाळा बदलण्याचा विचार होतो, स्मरणशक्तीची टॉनिके आणि मेंदू ‘जागृत’ करणारे वर्ग यांवर पैसा जातो. या वाटचालीत गुण कमी होतात त्याची भरपाई पुढे होऊ शकते. परंतु रोज ऐकलेल्या बोलण्यावरून मूल स्वतःबद्दल ‘मी वाईटच आहे’ असा निर्णय घेऊन बसते, तो पुसायला औषधापेक्षा अधिक काळ लागतो. इतर पालकांना सावध करायचे ते मुख्यतः याच गोष्टीबाबत.

तपासणीचा क्रम ठरलेला असावा. प्रथम बालरोगतज्ज्ञांकडून दृष्टी, श्रवण, रक्तक्षय, थायरॉइड आणि झोप यांची खात्री करून घ्यावी, कारण रात्री घोरणारे आणि अपुरी विश्रांती घेणारे मूलही दिवसा असेच वागू शकते. त्यानंतर मनोविकारतज्ज्ञ किंवा चिकित्सा-मानसशास्त्रज्ञ यांच्याकडे जावे. हे निदान कोणत्याही रक्तचाचणीने किंवा मेंदूच्या स्कॅनने होत नाही; ते सविस्तर मुलाखत, मुलाचे निरीक्षण आणि पालक व शिक्षक यांनी स्वतंत्रपणे भरलेल्या प्रश्नावल्या यांवरून होते. ठाण्यात डॉ. आनंद नाडकर्णी यांनी १९९० मध्ये स्थापन केलेल्या ‘इन्स्टिट्यूट फॉर सायकॉलॉजिकल हेल्थ’ने मानसिक आरोग्याचा विषय मध्यमवर्गीय घरांपर्यंत पोहोचवला आहे. ठाणे महापालिकेचे कळव्यातील छत्रपती शिवाजी महाराज रुग्णालय आणि मध्य रेल्वेच्याच मार्गावरील शीवचे लोकमान्य टिळक रुग्णालय ही कल्याणकडच्या कुटुंबांना लोकलने गाठता येणारी सार्वजनिक रुग्णालये आहेत. अंगणवाड्या आणि सरकारी व अनुदानित शाळांतील मुलांसाठी २०१३ पासून चालणाऱ्या राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात हा विकार तपासणीच्या यादीत समाविष्ट आहे, आणि २०२२ मध्ये सुरू झालेल्या ‘टेली मानस’च्या १४४१६ या क्रमांकावर प्राथमिक सल्ला विनामूल्य मिळतो. ‘ठाण्याला पाठवावे लागेल’ या जुन्या टोमण्यामागे तेथील मनोरुग्णालयाची भीती आहे. मुलाला तज्ज्ञांकडे नेताना पालकांचे पाऊल अडते ते पुष्कळदा या भीतीनेच, आणि ती ओलांडणे हा उपचाराचाच पहिला भाग होय.

उपचाराचे दोन आधार आहेत: वर्तनाची घडण आणि औषध. सहा वर्षांखालील मुलांसाठी सुरुवात पालकांच्या प्रशिक्षणाने करावी, असा तज्ज्ञांचा कल असतो; त्यापुढच्या वयात गरजेनुसार औषध दिले जाते. मेथिलफेनिडेट हे यासाठी सर्वाधिक अभ्यासले गेलेले औषध मेंदूतील डोपामिन आणि नॉरअॅड्रेनालिन या रसायनांची उपलब्धता वाढवून थांबण्याची क्षमता सुधारते. त्याने भूक मंदावू शकते आणि झोप लांबू शकते, म्हणून उंची, वजन, नाडी आणि रक्तदाब नियमित पाहावे लागतात. अमेरिकेत ५७९ मुलांवर झालेल्या आणि १९९९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात मुख्य लक्षणांवर काळजीपूर्वक दिलेले औषध केवळ वर्तनोपचारापेक्षा अधिक परिणामकारक ठरले, तर घरातील नातेसंबंध, समवयस्कांशी वागणे अशा बाबतींत दोन्हींची जोड उपयोगी दिसली. औषध तज्ज्ञांच्या चिठ्ठीनेच सुरू करावे, आणि परीक्षा संपली म्हणून किंवा शेजारी काही म्हणाले म्हणून परस्पर बंद करू नये.

घरातील मदत कृतीच्या आधी आणि कृतीच्याच जागी असावी लागते. सकाळी दिलेला उपदेश संध्याकाळी स्टेशनवर आठवत नाही; म्हणून रिक्षातून उतरण्यापूर्वीच ‘जिना संपेपर्यंत हात सोडायचा नाही’ एवढेच एक वाक्य मुलाकडून म्हणवून घ्यावे. या मुलांचे अपघात इतर मुलांपेक्षा अधिक होतात, आणि ठाणे, डोंबिवली, कल्याणच्या फलाटांवर, लोकलच्या दारात किंवा उंच इमारतीच्या खिडकीशी उतावळेपणाची किंमत फार मोठी असते, त्यामुळे जाळी आणि हात धरणे या साध्या गोष्टी मुलाच्या शहाणपणावर सोडू नयेत. सूचना जवळ जाऊन, नजरेला नजर मिळवून आणि एका वेळी एकच द्यावी. गृहपाठाचे दहा-पंधरा मिनिटांचे तुकडे करावेत आणि त्याआधी मुलाला मैदानात मनसोक्त धावू द्यावे. दप्तर रात्रीच भरून दारापाशी ठेवावे आणि झोपेची वेळ सुटीच्या दिवशीही पाळावी. मूल थांबले, वाट पाहिली, विचारून घेतले, तर त्याच क्षणी नेमक्या शब्दांत कौतुक करावे. शिक्षा करायचीच तर ती लहान, ताबडतोब आणि आधी सांगितलेली असावी, कारण आठवड्यानंतरचे बक्षीस आणि रात्रीची शिक्षा ही दोन्ही या मुलांना सारखीच दूरची असतात.

शाळेशी बोलताना वर्गशिक्षिकेला आरोपी न मानता सहकारी मानणे हिताचे ठरते, कारण मोठा वर्ग सांभाळणाऱ्या बाईंना एका मुलाच्या मेंदूची गती सांगणारे दुसरे कोणी नसते. पुढच्या बाकावर जागा, सूचना फळ्यावर लिहिणे, वह्या वाटण्यासारखे उठण्याचे काम आणि दिवसाअखेरी एका चांगल्या गोष्टीची नोंद, एवढे मागितले तर बहुतेक शाळा ते देऊ शकतात. दाखला काढून न्या असे सुचवले गेल्यास पालकांना हे माहीत असावे की, शिक्षण हक्क कायदा २००९ च्या कलम १६ नुसार प्राथमिक शिक्षण पूर्ण होईपर्यंत, म्हणजे आठवीपर्यंत, मुलाला शाळेतून काढता येत नाही आणि कलम १७ नुसार शारीरिक शिक्षा व मानसिक छळ यांना मनाई आहे. दिव्यांग व्यक्ती हक्क कायदा २०१६ मधील २१ प्रकारांत हा विकार स्वतंत्रपणे येत नाही, परंतु त्याच्या जोडीने अनेक मुलांत आढळणारी विशिष्ट अध्ययन अक्षमता येते, आणि तिचे प्रमाणपत्र असल्यास बोर्डाच्या परीक्षेत जादा वेळ, लेखनिक अशा सवलती मिळू शकतात. म्हणून आठव्या-नवव्या वर्षी वाचन, लेखन आणि गणित यांचीही चाचणी करून घ्यावी.

शेवटी, मुलालाच त्याच्या विकाराविषयी त्याच्या वयाला समजेल अशा भाषेत सांगणे आवश्यक आहे. घरात कुजबुज, डॉक्टरांकडे बंद दार आणि शाळेत वेगळी वागणूक यांतून मूल स्वतःविषयी जे अनुमान काढते, त्यापेक्षा ‘तुझ्या मेंदूला थांबायला थोडा जास्त वेळ लागतो आणि तो मिळवायला आम्ही तुला मदत करणार आहोत’ हे सत्य त्याला पेलणे सोपे जाते. या विकाराची लक्षणे अनेकांत मोठेपणीही काही प्रमाणात टिकतात. ज्याला लहानपणी आपली अडचण समजली आणि तिच्यावरचे उपाय हाती आले, तो पुढे नोकरी आणि संसार यांत ते स्वतःहून वापरू शकतो. म्हणून दोन ठिकाणांहून सारखीच तक्रार येत असेल आणि ती काही महिने टिकली असेल, तर पुढच्या वर्षाची वाट न पाहता तज्ज्ञांची वेळ घ्यावी, आणि निदान होईपर्यंतच्या काळातही मुलाला ‘वाईट’ म्हणणे त्याच दिवसापासून थांबवावे.