भाषेवरचा हुकूम : इतिहासाचा एक पाठ



राजसत्ता आणि धर्म एक झाले की भाषेवर कसा ताबा बसवतात, हे मुलांना सांगायला गोव्याचं उदाहरण घ्या.

पोर्तुगीज राजवटीत गोव्यात १५६० मध्ये इन्क्विझिशन, म्हणजे धर्मन्यायालय सुरू झालं. तरीही १६१६ साली फादर थॉमस स्टीफन्स या इंग्रज धर्मगुरूचं 'क्रिस्तपुराण' मराठी ओव्यांत छापलं गेलं. लोकांपर्यंत पोचायचं तर त्यांचीच भाषा हवी! पण २७ जून १६८४ रोजी व्हाइसरॉयने हुकूम काढला: कोकणी सोडा, तीन वर्षांत पोर्तुगीज बोलायला लागा. झालं काय? कोकणी घराघरांत जगली आणि १९८७ मध्ये गोव्याची राजभाषा झाली.

आता आपल्याकडं बघू. टेंभुर्णी भागात ऊसतोडीच्या हंगामात बाहेरगावची लेकरं वर्गात येतात. एका बंजारा मुलीनं निबंधात 'आई'ऐवजी 'याडी' लिहिलं. मी लाल पेनानं खोडलं. पोरगी आठवडाभर बोलली नाही. तेव्हा कळलं, छोटा हुकूम मीही काढला होता.

प्रमाणभाषा शिकवायचीच, ते आपलं कामच आहे. पण घरचा शब्द खोडून नाही, त्याच्या शेजारी दुसरा लिहून.

उपक्रम : प्रत्येक मुलानं घरात बोलले जाणारे पाच शब्द आणावेत. फळ्यावर त्यांच्यासमोर प्रमाण मराठी शब्द लिहा.

प्रश्न : हुकूम निघूनही कोकणी का टिकली? आधी मुलांना बोलू द्या.