समानुभूती : व्यक्ती, कार्य आणि प्रशासन

बंगळूरु शहराच्या पूर्वेस, बाह्य वर्तुळाकार मार्गावर मारतहळ्ळी हे उपनगर आहे. कन्नड भाषेत ‘हळ्ळी’ म्हणजे खेडे. काही दशकांपूर्वीपर्यंत खेडेच असलेल्या या परिसरात माहिती तंत्रज्ञान उद्योगाच्या वाढीबरोबर उंच इमारती, कार्यालये आणि वसतिगृहे उभी राहिली. पुणे, कोल्हापूर, सोलापूर, नागपूर येथून नोकरीसाठी गेलेले असंख्य मराठी तरुण या भागात राहतात. त्यांच्या इमारतींची साफसफाई करणारे, रात्री पहारा देणारे, घरकाम व बांधकाम करणारे कामगारही स्थलांतरितच आहेत. त्यांच्या वस्त्या मात्र पत्र्याच्या व ताडपत्रीच्या आहेत. एकाच रस्त्यावरून रोज जाणारे हे दोन समूह परस्परांना पाहतात. परंतु ओळखतातच असे नाही.

जानेवारी २०२० मध्ये या परिसरातील करियम्मन अग्रहार येथील अशीच एक वस्ती पाडण्यात आली. तेथे परदेशी घुसखोर राहतात, असा आरोप करण्यात आला होता. तत्पूर्वी मारतहळ्ळी पोलीस ठाण्याने जागेच्या मालकास नोटीस बजावली होती. प्रत्यक्षात उत्तर कर्नाटक, बंगाल आणि ईशान्य भारतातून आलेली अनेक कुटुंबे तेथे राहत होती आणि त्यांच्याजवळ ओळखीची कागदपत्रे होती. हे प्रकरण कर्नाटक उच्च न्यायालयात गेले. तत्कालीन मुख्य न्यायमूर्ती अभय ओक यांच्या खंडपीठाने ही कारवाई सकृतदर्शनी बेकायदेशीर असल्याचे मत नोंदवले.

या घटनेचा कायदेशीर पैलू महत्त्वाचा आहेच. तथापि, प्रस्तुत लेखाच्या दृष्टीने एक बाब विशेष लक्षणीय आहे. नोटीस जागेच्या मालकास मिळाली. ज्यांची घरे पडणार होती त्यांचे म्हणणे ऐकण्याची आवश्यकता वाटली नाही. एखाद्या समूहावर एक शिक्का बसला की त्यातील माणसे दिसेनाशी होतात. ती दिसू लागणे म्हणजेच समानुभूतीचा आरंभ होय.

संकल्पना आणि तिच्या छटा

समानुभूती म्हणजे दुसऱ्या व्यक्तीच्या जागी स्वतःस कल्पून तिची परिस्थिती, तिचे विचार व तिच्या भावना समजून घेण्याची क्षमता. मराठीत यासाठी ‘तदनुभूती’ व ‘परानुभूती’ हे शब्दही वापरले जातात. अठराव्या शतकात अ‍ॅडम स्मिथ यांनी १७५९ मधील आपल्या नैतिक भावनांविषयीच्या ग्रंथात, दुसऱ्याच्या जागी स्वतःला कल्पिण्याची शक्ती हा नीतीचा पाया मानला. एकोणिसाव्या शतकात जर्मन सौंदर्यशास्त्रात, कलाकृतीत ‘आत शिरून अनुभवणे’ या अर्थाची संज्ञा रूढ झाली. एडवर्ड टिचनर यांनी १९०९ मध्ये तिला इंग्रजी प्रतिशब्द दिला आणि पुढे ती मानसशास्त्राची संज्ञा बनली.

विद्यार्थ्यांनी चार जवळच्या संज्ञांतील फरक नीट लक्षात घ्यावा. समजा, चाकांच्या खुर्चीवर बसलेला एक नागरिक तहसील कार्यालयात दाखल्यासाठी आला आहे आणि संबंधित खिडकी दुसऱ्या मजल्यावर आहे. ‘बिचारा!’ असे म्हणणे ही दया होय. तिच्यात उंचावरून पाहण्याचा भाव असतो. त्याच्या अडचणीबद्दल मनापासून वाईट वाटणे ही सहानुभूती. त्याच्या जागी बसून जिना, खिडकीची उंची, इतरांच्या नजरा आणि परत जावे लागल्यास बुडणारा दिवस या सर्वांचा विचार करता येणे ही समानुभूती. आणि ते दुःख दूर करण्यासाठी स्वतः खाली येऊन त्याचा अर्ज स्वीकारणे ही करुणा. यापुढेही एक पायरी आहे. ती खिडकी कायमची तळमजल्यावर आणणे व उतरता मार्ग बांधणे ही व्यवस्थेची जबाबदारी असून, दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ ने तिला कायद्याचे अधिष्ठान दिले आहे.

समानुभूतीचे सामान्यतः तीन घटक मानले जातात. दुसऱ्याचा दृष्टिकोन समजून घेणे हा बोधात्मक घटक, त्याच्या भावनेचा स्पर्श स्वतःस होणे हा भावनिक घटक आणि त्यानुसार मदतीस प्रवृत्त होणे हा कृतिप्रवण घटक. केवळ पहिला घटक पुरेसा नाही, कारण ठकासही आपल्या सावजाचे मन उत्तम कळते. केवळ दुसराही अपुरा. रुग्णाबरोबर रडणारा डॉक्टर त्याच्यावर उपचार करू शकत नाही. तिन्हींचा समतोल हेच परिपक्व समानुभूतीचे लक्षण होय.

पुणे, १८९७ : एक साथ, दोन वृत्ती

इतिहासातील एक प्रसंग या संकल्पनेची कसोटी म्हणून पाहता येईल. १८९६ मध्ये मुंबईत प्लेगचा उद्रेक झाला आणि लवकरच पुणे त्याच्या कचाट्यात सापडले. फेब्रुवारी १८९७ मध्ये साथरोग अधिनियम संमत झाला. पुण्यातील प्लेग निवारणाची सूत्रे वॉल्टर चार्ल्स रँड या अधिकाऱ्याकडे देण्यात आली. रुग्ण शोधण्यासाठी लष्करी शिपायांकरवी घरोघर तपासणी सुरू झाली. शिपाई स्वयंपाकघरात व देवघरात शिरत, स्त्रियांची तपासणी होई, सामान बाहेर काढून जाळले जाई आणि संशयितांना कुटुंबापासून वेगळे करून छावणीत नेले जाई.

रोगाचा प्रसार थांबवणे हा उद्देश चुकीचा नव्हता. विलगीकरण व स्वच्छता यांची गरज होतीच. परंतु ज्यांच्यासाठी ही उपाययोजना होती त्यांना काय वाटते, घराच्या उंबरठ्याला त्यांच्या जीवनात काय स्थान आहे, रुग्णालयाची धास्ती का वाटते, हे प्रश्न विचारलेच गेले नाहीत. परिणामी लोक रुग्ण लपवू लागले आणि ज्या कारवाईने रोग आटोक्यात यायचा तिच्यावरचा विश्वासच उडाला. लोकक्षोभ वाढत गेला. २२ जून १८९७ च्या रात्री रँड यांच्यावर गोळी झाडण्यात आली व पुढे त्यांचा मृत्यू झाला. चापेकर बंधूंना फाशी झाली.

त्याच वर्षी, त्याच साथीत दुसरी वृत्तीही दिसली. सावित्रीबाई फुले आणि त्यांचे दत्तक पुत्र डॉ. यशवंत यांनी हडपसरजवळ सासाणे मळ्यात प्लेगच्या रुग्णांसाठी दवाखाना चालवला. मुंढव्याच्या अस्पृश्य वस्तीतील एका आजारी मुलाला सावित्रीबाईंनी स्वतः उचलून दवाखान्यात आणले. या शुश्रूषेत त्यांना संसर्ग झाला आणि १० मार्च १८९७ रोजी त्यांचे निधन झाले. येथेही रुग्णाला वस्तीतून हलवलेच होते. फरक हलवणाऱ्या हातांत होता. ज्या मुलाला स्पर्श करण्यास समाज कचरत होता त्याला त्यांनी आपल्या अंगावर घेतले. मुलींच्या शिक्षणासाठी अंगावर शेण-चिखल झेलणाऱ्या या स्त्रीला बहिष्कृताच्या जागी उभे राहणे म्हणजे काय, हे अनुभवाने ठाऊक होते.

पुढील काही वर्षांत शासनानेही बळजबरीचे धोरण सौम्य केले. सक्तीची रुग्णालयभरती शिथिल झाली आणि स्थानिक लोकांच्या सहकार्यावर अधिक भर देण्यात आला. लोकांचा विश्वास हे सार्वजनिक आरोग्याचे एक साधनच आहे, हा धडा मोठी किंमत मोजून शिकावा लागला. १८९८ मध्ये प्लेग बंगळूरुलाही पोहोचला. त्यानंतर दाट वस्तीतील लोकांसाठी मोकळ्या, हवेशीर जागी मल्लेश्वरम व बसवनगुडी या नव्या वसाहती विकसित झाल्या. माणसे कोठे व कशी राहतात याचा विचार केल्याविना साथ हटत नाही, ही जाणीव त्यामागे होती.

गडचिरोली : ऐकण्याचे शास्त्र

समानुभूती ही केवळ व्यक्तिगत सद्गुण नसून कार्यपद्धतीही होऊ शकते, याचे उत्तम उदाहरण गडचिरोली जिल्ह्यात आढळते. डॉ. अभय व डॉ. राणी बंग यांनी १९८६ मध्ये ‘सर्च’ ही संस्था स्थापन केली. आदिवासी रुग्णालयात येण्याचे टाळतात, याचे कारण ‘अज्ञान’ असे ठरवून मोकळे होणे सोपे होते. त्यांनी लोकांनाच विचारले. तेव्हा कळले की मोठ्या इमारतीत लोकांना हरवल्यासारखे वाटते. नातेवाइकांना रुग्णाजवळ राहू दिले जात नाही. आणि पांढऱ्या कपड्यातील डॉक्टर-परिचारिकांची भीती वाटते, कारण त्यांच्याकडे पांढरे वस्त्र मृतासाठी असते. मग शोधग्रामचा दवाखाना आदिवासी गावासारखा, झोपड्यांच्या रचनेत बांधण्यात आला. नातेवाइकांच्या राहण्याची सोय झाली आणि दवाखान्याला दंतेश्वरी मातेचे नाव देण्यात आले.

नवजात बालकांच्या बाबतीतही हीच दृष्टी होती. बाळंतीण व बाळ घराबाहेर पडत नसतील, तर उपचारच घरी पोहोचला पाहिजे. गावातीलच स्त्रियांना ‘आरोग्यदूत’ म्हणून प्रशिक्षण देण्यात आले. ३९ गावांतील या प्रयोगाची तुलना अन्य ४७ गावांशी करण्यात आली आणि नवजात मृत्युदर सुमारे ६२ टक्क्यांनी घटल्याचे निष्कर्ष १९९९ मध्ये ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात प्रसिद्ध झाले. पुढे २०११ पासून आशा कार्यकर्त्यांमार्फत घरोघरी नवजात बालसेवेचा कार्यक्रम देशभर स्वीकारला गेला. येथे समानुभूतीने प्रश्न योग्य तऱ्हेने मांडला आणि विज्ञानाने उत्तराची परीक्षा घेतली. दोहोंपैकी एकाचाही अभाव असता तर हे यश मिळाले नसते.

समानुभूतीच्या मर्यादा

या गुणाचे गोडवे गाताना त्याच्या मर्यादांकडे दुर्लक्ष करू नये. पहिली मर्यादा पक्षपाताची. आपल्या भाषेच्या, जातीच्या, वर्गाच्या माणसाचे दुःख आपल्याला चटकन भिडते. अनोळखी माणसाचे भिडत नाही. मारतहळ्ळीतील मराठी अभियंत्याला परराज्यात भाषेची अडचण येणाऱ्या दुसऱ्या मराठी तरुणाचे दुःख लगेच कळेल. त्याच्याच इमारतीत झाडू मारणाऱ्या स्थलांतरिताची तीच अडचण कळेलच असे नाही. दुसरी मर्यादा प्रमाणाची. एका मुलाचे छायाचित्र मन हेलावते. हजारो मुलांच्या कुपोषणाचा आकडा तसा हेलावत नाही. तिसरी मर्यादा थकव्याची. परिचारिका, समाजकार्यकर्ते, आपत्ती निवारण कर्मचारी यांची सतत दुःख पाहून भावनिक शक्ती क्षीण होते. मानसशास्त्रज्ञ पॉल ब्लूम यांनी २०१६ मधील ग्रंथात याच आधारे भावनिक समानुभूतीवर टीका केली असून विवेकयुक्त करुणेचा पुरस्कार केला आहे.

यावर उपाय म्हणून समानुभूतीला न्यायाची व नियमाची जोड द्यावी लागते. डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेतील भाषणात स्वातंत्र्य, समता आणि बंधुता ही त्रयी अविभाज्य असल्याचे प्रतिपादन केले. बंधुता ही समानुभूतीची व्यापक, नागरी परिणती होय. ती आपल्या माणसांपुरती थांबत नाही.

प्रशासनातील उपयोजन

‘वस्तुनिष्ठता आणि समानुभूती परस्परविरोधी आहेत काय?’ हा प्रश्न विद्यार्थ्यांना नेहमी पडतो. वास्तविक, वस्तुनिष्ठता निर्णयाचे निकष सर्वांसाठी समान ठेवते, तर समानुभूती निर्णयासाठी लागणारी माहिती पूर्ण करते. बाधित व्यक्तीची परिस्थिती न समजता घेतलेला निर्णय अपुऱ्या माहितीवर आधारलेला असतो. त्यास वस्तुनिष्ठ म्हणता येणार नाही.

नैसर्गिक न्यायाचे तत्त्व याचेच संस्थात्मक रूप आहे. ज्याच्यावर परिणाम होणार त्याचे म्हणणे ऐकावे, हा नियम अधिकाऱ्याच्या मनात समानुभूती असो वा नसो, त्याला ऐकण्यास बांधून घालतो. मुंबईतील पदपथवासीयांच्या ओल्गा टेलिस खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्ये उपजीविकेचा हक्क हा जीविताच्या हक्काचा भाग असल्याचे मान्य केले. पदपथ रिकामे करण्याचा अधिकार न्यायालयाने नाकारला नाही. मात्र सुनावणीच्या तत्त्वाला महत्त्व दिले. आरंभी उल्लेखिलेल्या प्रकरणाकडे या दृष्टीने पाहावे. अतिक्रमण असो वा परदेशी नागरिकांचा प्रश्न, कायद्याने चौकशीचा मार्ग दिलेला असतो. तो मार्ग प्रत्येक व्यक्तीपर्यंत जातो. वस्तीवर मारलेल्या शिक्क्यापाशी संपत नाही.

समानुभूती अभ्यासाने वाढते. कार्यालयीन वेळेत सामान्य अर्जदाराप्रमाणे रांगेत उभे राहून पाहणे, क्षेत्रभेटीत आधी प्रश्न विचारणे व उत्तर संपेपर्यंत थांबणे, स्थानिक भाषा शिकणे, निर्णयाचा सर्वांत दुर्बल व्यक्तीवर होणारा परिणाम नोंदीत लिहिणे, या साध्या सवयी उपयुक्त ठरतात.

परीक्षेच्या दृष्टीने

संघ लोकसेवा आयोगाच्या मुख्य परीक्षेत २०१३ पासून नीतिशास्त्राची स्वतंत्र प्रश्नपत्रिका असून, दुर्बल घटकांप्रती समानुभूती, सहिष्णुता व करुणा हा तिच्या अभ्यासक्रमाचा भाग आहे. उत्तर लिहिताना प्रथम व्याख्या व जवळच्या संज्ञांतील भेद द्यावा; त्यानंतर एखादे उदाहरण सविस्तर मांडावे; मर्यादा नमूद कराव्यात आणि शेवटी संस्थात्मक उपाय सुचवावेत. थोर व्यक्तींच्या नावांची केवळ यादी देऊ नये. प्रकरण अभ्यासात ‘मी सहानुभूती दाखवेन’ असे लिहिण्याऐवजी कोणाशी बोलाल, काय विचाराल आणि कोणत्या नियमाच्या आधारे काय कराल, हे स्पष्ट करावे.

सरावासाठी प्रश्न :

१. समानुभूती, सहानुभूती व करुणा यांतील भेद प्रशासकीय उदाहरणांसह स्पष्ट करा.

२. ‘हेतू योग्य असूनही पद्धतीतील असंवेदनशीलता धोरणास अपयशी ठरवते.’ १८९७ च्या पुण्यातील प्लेग निवारणाच्या संदर्भात चर्चा करा.

३. समानुभूतीतील पक्षपात रोखण्यासाठी नियम व संस्था कोणती भूमिका बजावतात?

४. आपण महानगरातील प्रभाग अधिकारी आहात. पावसाळ्याच्या तोंडावर नाल्याकाठची स्थलांतरित कामगारांची वस्ती धोकादायक ठरली आहे. नागरिकांचा एक गट ती तत्काळ हटवण्याची मागणी करतो. रहिवाशांपैकी अनेकांना स्थानिक भाषा येत नाही. पहिल्या तीन दिवसांत आपण कोणती पावले उचलाल व का?

चौथ्या प्रश्नाचे उत्तर लिहिण्यापूर्वी आपल्या राहत्या ठिकाणाजवळची अशी एखादी वस्ती अवश्य पाहावी आणि तेथील एखाद्या कुटुंबाशी बोलावे. उत्तराचा पहिला परिच्छेद तेथेच सापडेल.