ग्रंथालय सार्वजनिक केव्हा होते?

विद्यालयाच्या आठवणी निघाल्या की माजी विद्यार्थी पहाटेची वंदना सांगतात, भोजनगृहातील घंटा सांगतात, परीक्षेच्या आदल्या रात्रीचा अभ्यास सांगतात. ग्रंथालयाचे नाव मात्र क्वचितच निघते. शिक्षक म्हणून हे मौन आम्हांला बोचते. आपल्या गावांतही हेच चित्र आहे. फलक आहे, कपाटे आहेत, पुस्तके आहेत; वाचक नाही. ग्रंथालयांचे पुनरुज्जीवन व्हावे असे सर्वच म्हणतात. परंतु जे पुन्हा जिवंत करावयाचे, ते प्रथम जिवंत कशामुळे होते, हे समजून घेतले पाहिजे. म्हणून या स्मरणिकेच्या निमित्ताने इतिहासाचा आधार घेऊन आम्ही एकच प्रश्न वाचकांपुढे ठेवीत आहोत: फलकावर ‘सार्वजनिक’ असे लिहिल्याने ग्रंथालय सार्वजनिक होते काय?

शब्दाची कसोटी

‘सार्वजनिक’ या शब्दाचा अर्थ आपल्या समाजाला शब्दकोशातून कळलेला नाही. 4 ऑगस्ट 1923 रोजी रावबहादूर सी. के. बोले यांचा ठराव मुंबई कायदेमंडळाने संमत केला. सार्वजनिक पैशातून बांधलेले वा चालविलेले पाणवठे, विहिरी, धर्मशाळा, तसेच सरकारी शाळा, न्यायालये, कचेऱ्या व दवाखाने अस्पृश्यांना खुले असावेत, असा त्याचा आशय होता. महाड नगरपालिकेनेही 1924 साली चवदार तळे खुले केल्याचा ठराव केला. कागदावर तळे खुले झाले. प्रत्यक्षात तेथे आपले कोणी पाणी भरू शकत नव्हते. 20 मार्च 1927 रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी आपल्या अनुयायांसह त्या तळ्याचे पाणी प्राशन केले, तेव्हा त्या ठरावात प्राण आला. पुढे दावा चालला आणि 17 मार्च 1937 रोजी मुंबई उच्च न्यायालयाने अस्पृश्यांच्या बाजूने निर्णय दिला.

या घटनाक्रमातून निघणारा धडा साधा आहे. वास्तू ठरावाने खुली होते, परंतु सार्वजनिक होते ती वापराने. हीच कसोटी आपण ग्रंथालयाला लावून पाहू.

दारातील प्रश्न

आपल्याला नालंदेचा अभिमान आहे आणि तो सार्थ आहे. तेथे अध्ययन करून गेलेला चिनी भिक्षू ह्युएन त्संग इ.स. 645 मध्ये मायदेशी परतला, तेव्हा त्याने 657 ग्रंथ बरोबर नेले होते. परंतु त्यानेच असेही नमूद केले आहे की, नालंदेच्या प्रवेशद्वारावर येणाऱ्याला अवघड प्रश्न विचारले जात आणि पुष्कळजण तेथूनच परत फिरत. उच्च विद्यापीठाला ते शोभून दिसते. गावच्या ग्रंथालयाचे काम याच्या नेमके उलट असते: ज्याला उत्तरे येत नाहीत, त्याला आत घेणे.

महाराष्ट्रात आधुनिक ग्रंथालये एकोणिसाव्या शतकात उभी राहिली. रत्नागिरीचे 1828 मध्ये, नाशिकचे 1840 मध्ये, पुण्याचे 1848 मध्ये. मराठी वाचनसंस्कृतीवर त्यांचे मोठे उपकार आहेत. तथापि ती वर्गणीदारांची होती. ज्याला अक्षर येत होते आणि ज्याच्या खिशात वर्गणी होती, त्याच्यासाठी ती होती. त्या काळी हे दोन्ही ज्यांच्याजवळ होते, त्यांत आपले पूर्वज नव्हते.

बडोद्याची पेटी आणि बडोद्याची सराई

ही मर्यादा ओलांडण्याचा मोठा प्रयत्न बडोदे संस्थानात झाला. महाराज सयाजीराव गायकवाड यांनी 1910 साली विल्यम बॉर्डन या अमेरिकन ग्रंथपालास पाचारण केले. मध्यवर्ती ग्रंथालय, त्याखाली नगरांची व गावांची ग्रंथालये, आणि जेथे ग्रंथालय नाही तेथे पुस्तकांनी भरलेली लाकडी पेटी, अशी ती रचना होती. वाचक पुस्तकापर्यंत येऊ शकत नसेल, तर पुस्तकाने वाचकापर्यंत जावे, हा विचार त्यामागे होता.

त्याच बडोद्यात सप्टेंबर 1917 मध्ये, महाराजांच्याच शिष्यवृत्तीवर परदेशी शिकून आलेले बाबासाहेब नोकरीसाठी दाखल झाले. त्यांना राहावयास जागा मिळेना. एका पारशी सराईत त्यांनी आसरा घेतला. तेथील उदास एकांत आपण वाचनात बुडवून टाकला, असे त्यांनी स्वतःच लिहून ठेवले आहे. अकराव्या दिवशी हातांत काठ्या घेतलेल्या लोकांनी त्यांना तेथून बाहेर काढले.

हे दोन प्रसंग आम्ही वर्गात नेहमी शेजारी ठेवतो. ज्या राज्यात पुस्तकांची पेटी खेडोपाडी सन्मानाने जात होती, त्याच राज्याच्या राजधानीत त्या काळच्या सर्वांत व्यासंगी तरुणाला छप्पर मिळत नव्हते. पुस्तकाला दार उघडणारा समाज माणसालाही दार उघडतोच, असे नाही. म्हणून ग्रंथालयाचा विचार करताना ‘किती पुस्तके आहेत’ या प्रश्नाआधी ‘कोण आत येऊ शकतो’ हा प्रश्न विचारावा लागतो.

वसतिगृह आणि मोफत वाचनालय

बाबासाहेबांनी तो प्रश्न कृतीने सोडविला. 20 जुलै 1924 रोजी स्थापन झालेल्या बहिष्कृत हितकारिणी सभेच्या उद्दिष्टांत वसतिगृहांबरोबर वाचनालयांचाही उल्लेख होता. 4 जानेवारी 1925 रोजी सभेने सोलापूरला वसतिगृह सुरू केले. मुंबईत मोफत वाचनालय चालविले. सोलापूरच्या वसतिगृहातील विद्यार्थ्यांनी ‘सरस्वती विलास’ नावाचे मासिकही काढले. वाचनाचा हा पुढचा टप्पा विशेष ध्यानात घेण्याजोगा आहे: वाचणारी मुले लिहू लागली होती.

पुढे दादरला ‘राजगृह’ बांधताना त्यांनी वरचा मजला मुख्यत्वे ग्रंथांसाठी योजला. आपण त्या ग्रंथसंग्रहाचे वर्णन कौतुकाने करतो. परंतु राजगृह हे त्यांचे स्वतःचे अभ्यासस्थान होते. समाजासाठी त्यांनी जे मागितले ते वसतिगृह आणि मोफत वाचनालय. आपले निवासी विद्यालय याच परंपरेतील आहे, म्हणून ही जबाबदारीही आपलीच आहे.

कायदा आहे, मग अडते कोठे?

कोल्हापूर संस्थानाने 1945 सालीच ग्रंथालयांसाठी कायदा केला होता. 1948 मध्ये मद्रास प्रांताने, ग्रंथालयशास्त्राचे जनक डॉ. एस. आर. रंगनाथन यांच्या प्रेरणेने, कायदा करून ग्रंथालय उपकराची तरतूद केली. महाराष्ट्र सार्वजनिक ग्रंथालये अधिनियम 1967 चा आहे. त्यात उपकर नाही. शासनमान्य ग्रंथालये संस्था चालवितात आणि वर्गानुसार त्यांना अनुदान मिळते. अशा ग्रंथालयांची संख्या राज्यात दहा हजारांहून अधिक आहे. अनुदान अपुरे पडते, कर्मचाऱ्यांचे मानधन तुटपुंजे असते, ही तक्रार रास्त आहे आणि ती शासनदरबारी मांडलीच पाहिजे.

परंतु दोष तेवढाच नाही. आज अनेक ठिकाणी ग्रंथालयाचे रूपांतर अभ्यासिकेत झाले आहे. स्पर्धा परीक्षेची मुले आपली पुस्तके आणतात, खुर्चीवर दहा-दहा तास बसतात आणि निघून जातात. घरात एकच खोली असलेल्या मुलाला शांत जागा मिळते, हे मोठेच काम आहे. आम्ही त्याला नावे ठेवणार नाही. पण त्याच्या पाठीमागच्या कपाटाला कुलूप असते. त्या मुलाने चवदार तळ्यावर एक प्रश्न सोडविलेला असतो. तळ्यावरचे पुस्तक मात्र त्याच्यापासून तीन हातांवर असूनही त्याच्या हाती पडत नाही.

आमची कबुली

कुलपाविषयी आम्ही अधिकाराने बोलू शकतो, कारण ते आम्हीही लावले आहे. नोकरीच्या आरंभी एका शाळेत ग्रंथालयाचा कार्यभार आमच्याकडे होता. हरवलेल्या पुस्तकाची किंमत पगारातून भरावी लागेल, ही धास्ती मनात होती. किल्ली आमच्या खिशात असे. काचेतून नाव वाचून मुले पुस्तक मागत आणि आम्ही ‘शनिवारी या’ म्हणत असू. वर्षअखेरीस साठा पडताळणी झाली. एकही पुस्तक कमी भरले नाही. आमचे कौतुक झाले. त्या सायंकाळी पुस्तके पुन्हा लावताना आम्ही सहज आतल्या तारखेच्या चिठ्ठ्या पाहू लागलो. कपाटेच्या कपाटे पालथी घातली. बहुतेक चिठ्ठ्या कोऱ्या होत्या. एकही पुस्तक हरवले नव्हते, कारण ती बाहेर गेलीच नव्हती.

ग्रंथ उपयोगासाठी असतात, हा रंगनाथन यांनी 1931 साली मांडलेला पहिला नियम आम्ही पाठ केलेला होता. त्याचा अर्थ त्या दिवशी कळला. दुसऱ्या वर्षी आम्ही कपाटे उघडी ठेवली. काही पुस्तके गेली, काहींची पाने फाटली, त्यांचे निर्लेखन करताना मुख्याध्यापकांची बोलणीही खाल्ली. पण चिठ्ठ्यांवर तारखा दिसू लागल्या.

आपण काय करावे?

पुनरुज्जीवनाचा आरंभ नव्या इमारतीपासून करण्याची गरज नाही. पुढील गोष्टी कोणत्याही गावाला, कोणत्याही विहाराला जमण्यासारख्या आहेत.

पहिली गोष्ट वेळेची. मजूर, शेतकरी आणि कामावर जाणाऱ्या स्त्रिया ज्या वेळी मोकळ्या असतात, त्या वेळी दार उघडे असावे. म्हणजे बहुधा सायंकाळी. दुसरी, कपाटे उघडी असावीत आणि दरवर्षी थोडी पुस्तके हरवणार हे गृहीत धरावे. तिसरी, पेटी. नाशिकच्या कुसुमाग्रज प्रतिष्ठानने ‘ग्रंथ तुमच्या दारी’ या उपक्रमातून ग्रंथपेट्या दूरवर पोहोचविल्या आहेत. साताऱ्याजवळील भिलार गावाने 2017 पासून आपली घरेच वाचकांसाठी खुली केली. आपणही एका वस्तीत एक पेटी ठेवू शकतो. चौथी गोष्ट माणसाची. नव्याने आलेल्याला ‘काय हवे?’ असे आपुलकीने विचारणारी एक व्यक्ती तेथे हवी. ती नसेल तर बाकीचे सारे व्यर्थ आहे.

माजी विद्यार्थी विद्यालयाला भेट द्यावयाची म्हणून बहुधा भिंतीवरचे घड्याळ किंवा कपाट देतात. देणगीदाराचे नाव त्यावर रंगविले जाते. आमची विनंती वेगळी आहे. महिन्यातून एक सायंकाळ द्यावी. आपल्या गावातील बंद ग्रंथालयाची किल्ली कोणाकडे आहे, ते आधी विचारून घ्यावे. दार उघडून बसावे, आणि पहिले पुस्तक नेणाऱ्या मुलाच्या चिठ्ठीवर त्या दिवसाची तारीख आपल्या हाताने लिहावी.