स्पर्शरहित नळ : बसवणी, निगा आणि पाण्याचा हिशेब

व्यापाऱ्याच्या घरी पैशाचा जमाखर्च रोज जुळविला जातो. पाण्याचा मात्र क्वचितच. धुण्याभांड्याच्या वेळी उघडा राहिलेला नळ हा वहीत न लिहिलेला खर्च होय. उज्जैनकरांस तर हा खर्च डोळ्यांआड करणे परवडणारे नाही. रामघाटाशी क्षिप्रेस प्रवाह राहावा म्हणून 2014 पासून नर्मदेचे पाणी पंपांनी शेकडो मीटर वर चढवून क्षिप्रेच्या उगमाकडे आणले जाते. नगराच्या पाणीपुरवठ्याचा मुख्य आधार गंभीर नदीवरील धरण; उन्हाळ्यात तेथील साठा उतरला की घरोघरी टाक्या मोजून वापराव्या लागतात. अशा वेळी हात लावल्यावाचून उघडणारा व बंद होणारा नळ स्वयंपाकघरात बसवावा काय, बसविल्यास कसा, ह्याचा विचार येथे करू.

प्रथम त्याची रचना पाहू. नळाच्या अंगी एक लहान काळी काच असते. तिच्यातून डोळ्यांस न दिसणारे अवरक्त किरण बाहेर पडतात. समोर हात आला की किरण परततात, आणि सिंकखालच्या पेटीतून विजेचा क्षणिक ठोका सोलेनॉइड व्हॉल्व्हला मिळतो. व्हॉल्व्हमधील रबरी पडदा उचलला जातो व पाणी वाहते. हात दूर होताच दुसऱ्या ठोक्याने पडदा बसतो. बहुधा चार पेन्सिल सेलांची 6 व्होल्ट वीज ह्या कामास पुरते.

विकत घेण्यापूर्वी एक गोष्ट अवश्य मोजावी : पाण्याचा दाब. ह्या व्हॉल्व्हचा पडदा पाण्याच्याच दाबाने उघडतो व मिटतो. पुष्कळ बनावटींच्या माहितीपत्रकांत किमान 0.5 बार दाब मागितलेला असतो. दहा मीटर उंचीचे पाणी सुमारे 1 बार दाब देते. म्हणजे टाकीतील पाण्याची पातळी नळापासून निदान पाच मीटर उंच हवी. दुमजली घरात तळमजल्याच्या स्वयंपाकघरास ही उंची बहुधा लाभते. वरच्या मजल्यावर टाकी तीनच मीटर उंच असेल, तर दाब 0.3 बारच भरेल. मग धार बारीक येईल, अथवा पडदा नीट न मिटता नळ ठिबकत राहील. तेथे कमी दाबावर चालणारी बनावट शोधावी, नाहीतर साधा नळच ठेवून त्याच्या तोंडी हवा मिसळणारी जाळी बसवावी. हा दुसरा उपाय अल्प खर्चाचा आहे व पुष्कळ पाणी वाचवितो.

आता बसवणी. सिंकखालचा अँगल कॉक बंद करून जुना नळ सोडवावा आणि बैठकीची जागा पुसून कोरडी करावी. नवा नळ, त्याची लवचिक नळी व संवेदकाची तार छिद्रातून खाली घेऊन खालची चाकी आवळावी. काळी काच मात्र सरळ सिंकच्या दिशेस असावी. ह्यानंतरची पायरी घाईत वगळू नये : व्हॉल्व्ह जोडण्यापूर्वी नळीचे तोंड बादलीत धरून अँगल कॉक उघडावा आणि पाणी स्वच्छ येईपर्यंत वाहू द्यावे. ते पाणी फरशीस वापरावे. जुन्या लोखंडी नळांतील गंज व वाळूचा एक कण पडद्याखाली अडकला, तरी नळ अखंड ठिबकतो. त्यानंतर व्हॉल्व्हवरील बाणाची दिशा पाहून जोडणी करावी, गाळणीची जाळी बसवावी, आणि सेलांची पेटी ओल पोहोचणार नाही अशा उंचीवर भिंतीस ठोकावी. घरातील विजेवर चालणारा नळ असल्यास जोडणी जाणत्या वायरमनकडूनच करवून घ्यावी.

आपल्या घरांतील एका रीतीचा येथे विशेष विचार केला पाहिजे. पाणी गाळण्यासाठी अनेक घरी नळाच्या तोंडासच गाळणे बांधलेले असते. ह्या नळास तसे बांधू नये; लोंबते वस्त्र काचेसमोर आले की यंत्र त्यास हात समजते. पिण्याच्या पाण्यासाठी साधा नळ निराळा ठेवावा, किंवा गाळणे भांड्याच्या तोंडावर दुहेरी बांधावे. चकचकीत स्टीलचे पातेलेही किरण परतवून नळ नको तेव्हा उघडते, तर काळा तवा किरण शोषतो व नळ उघडत नाही. म्हणून संवेदकाचे अंतर कमीजास्त करण्याची सोय असलेला नळ घ्यावा. हंडा भरताना तो मध्येच थांबला तर तो दोष नव्हे. फार वेळ वाहू नये म्हणून आपोआप थांबण्याची योजना अनेक नळांत असते.

निगा सोपी आहे, पण नेमाने व्हावी. काच ओल्या मऊ फडक्याने पुसावी. तारेची घासणी वा राख लावू नये. गाळणीची जाळी महिन्यातून एकदा धुवावी. बोअरच्या जड पाण्याने तोंडाशी पांढरा थर धरल्यास तेथील जाळी काढून अर्धा तास सिरक्यात भिजवावी. दिवा लुकलुकू लागला की चारही सेल एकदम बदलावे. जुने-नवे मिसळू नयेत. नळ उघडलाच नाही, तर अँगल कॉक, सेल, काच व जाळी ह्या क्रमाने पाहावे. कारागीर त्यानंतर बोलवावा.

हात न लागणारा नळ म्हणजे शुद्ध पाणी, असे मात्र समजू नये. 2011 साली अमेरिकेतील जॉन्स हॉपकिन्स रुग्णालयातील संशोधकांनी प्रसिद्ध केलेल्या पाहणीत अशा नळांच्या पाण्याच्या 50 टक्के नमुन्यांत लीजिओनेला हे रोगजंतू वाढले. साध्या नळांच्या बाबतीत हे प्रमाण 15 टक्के होते. व्हॉल्व्हच्या सांदीकोपऱ्यांत जंतू वाढतात, असा संशोधकांचा तर्क होता. ह्यास्तव यात्रेस वा लग्नकार्यास परगावी जाताना अँगल कॉक बंद करावा, आणि परतल्यावर पहिले पाणी पिण्यास न घेता बादलीत काढून झाडांस घालावे.

अखेर हिशेब. साध्या नळाची धार मिनिटास दहा लिटर धरली आणि भांडी घासताना ती रोज तीन मिनिटे व्यर्थ वाहिली असे मानले, तर महिन्यास नऊशे लिटर पाणी जाते. ते हा नळ वाचवू शकेल. पण हाताखाली भांडे धरून उगाच बोलत उभे राहणाऱ्यापुढे तो निरुपाय आहे. जैन आचारात पाणी हाच जीवकाय मानला आहे आणि त्याच्या वापरात यत्नाचार सांगितला आहे. यंत्राचा डोळा हात पाहतो, गरज पाहत नाही. गरज पाहण्याचे काम गृहिणीचे, गृहस्थाचे व त्यांच्या मुलाबाळांचेच राहील. तेवढे साधले, तर ह्या नळावरील खर्च सत्कारणी लागला असे आम्ही म्हणू.