गावात मिटले, कोर्टात मिटवायला किती लागतात?

पिंपळगाव राजात धुऱ्याचा किंवा उसनवारीचा वाद चार माणसांत बसून मिटतो. खामगावच्या कोर्टाला ते आपोआप कळत नाही. पुरशिस, म्हणजे वाद मिटल्याचे लेखी निवेदन, दाखल होईपर्यंत तारखा पडतात, वकिलाची फी आणि एसटीचे भाडे सुरूच राहते. चेक न वटल्याच्या खटल्यात तर ‘आपले मिटले’ म्हणून आरोपी घरी बसला, की वॉरंट निघू शकते.

उशीर सर्वांत महाग पडतो तो याच खटल्यात. गोव्यातून गेलेल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२५ मध्ये तडजोडीचे नवे दर ठरवून दिले. तीन लाखांचा चेक धरा. आरोपीचा बचावाचा पुरावा सुरू होण्याआधी पैसे भरले तर वर काही नाही. त्यानंतर, पण निकालाआधी भरले तर पाच टक्के, म्हणजे १५,००० रुपये. अपिलात सत्र किंवा उच्च न्यायालयात साडेसात टक्के, २२,५००. दिल्लीपर्यंत गेलात तर ३०,०००. ही रक्कम फिर्यादीला नव्हे, विधी सेवा प्राधिकरणाला जाते. कोणी दहा-पंधरा-वीस टक्के सांगितले, तर ते २०१० चे जुने दर आहेत.

दिवाणी दाव्यात उलट पैसे परत मिळू शकतात. लोकअदालतीत तडजोड झाली तर तिथे फी नाही आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते. आपसात मिटवून नुसती पुरशिस दिली तर पूर्ण परताव्याची खात्री धरू नका. म्हणून मिटलेला दावाही लोकअदालतीत ठेवायला वकिलांना सांगा. मात्र त्या निवाड्यावर अपील नाही. सही करण्याआधी गट नंबर, क्षेत्र, हप्त्यांच्या तारखा वाचून घ्या. दाव्यात नसलेला गट तडजोडीत घातला, तर नोंदणीचा खर्च वेगळा.

‘दावा मागे घेतो’ एवढेच लिहून देणे मला सर्वांत धोक्याचे वाटते. नव्याने दाखल करण्याची परवानगी न घेता मागे घेतलेला दावा त्याच कारणावरून पुन्हा करता येत नाही. समोरच्याने हप्ता बुडवला तर हातात काय? अटींसह हुकूमनामा घेतलात तर वसुलीची दरखास्त तरी लावता येते.

थकीत पेन्शनसाठी उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात केलेल्या रिट याचिकेतही बाकी हक्क असाच निसटू शकतो. पेन्शन जमा झाली की याचिकेत काही उरत नाही आणि ती निकाली निघते. व्याज बाकी असेल, तर त्याच तारखेला वकिलांकरवी सांगा.

महिला, अनुसूचित जाती-जमातीचे पक्षकार आणि दिव्यांग यांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. विधी सेवेचा हेल्पलाइन क्रमांक १५१०० आहे.