सिगारेटचा धूर व हवा गाळणारें यंत्र

घरांत कोणी सिगारेट ओढीत असल्यास हवा शुद्ध करणारें यंत्र आणावें, असें हल्लीं पुष्कळ पालकांच्या मनांत येतें. तें निवडण्यापूर्वीं धूर म्हणजे काय, हें समजून घेतलें पाहिजे. धुरांत सूक्ष्म कण असतात व वायूही असतात. या दोहोंस अडविण्याचे उपाय निरनिराळे आहेत.

कण बहुधा एक मायक्रॉनहूनही बारीक, म्हणजे केसाच्या जाडीच्या पन्नासाव्या हिश्शाहूनही लहान असतात. हेपा नांवाची गाळणी ०.३ मायक्रॉनचे शेंकडा ९९.९७ कण धरते. वायू मात्र तिच्यांतून सरळ निघून जातात. त्यांस सक्रिय कोळशाचा चांगला जाड थर लागतो. कोळसा नुसता फासलेली पातळ जाळी लौकरच निकामी होते. ओझोन सोडणारें यंत्र तर घेऊंच नये. तो वायु फुप्फुसांस अपायकारक आहे.

मग खोलीचें माप. बारा फूट लांब, दहा फूट रुंद व दहा फूट उंच खोलींत १२०० घनफूट हवा मावते. ती तासांत पांच वेळां गाळावयाची, तर यंत्रानें मिनिटास १०० घनफूट, म्हणजे ताशीं सुमारें १७० घनमीटर, स्वच्छ हवा दिली पाहिजे. यंत्रावर छापलेला आंकडा पूर्ण वेगाचा असतो, हें विसरूं नये.

तथापि अमेरिकेच्या सर्जन जनरलच्या २००६ सालच्या अहवालांत स्पष्ट म्हटलें आहे कीं, हवा गाळून या धुराचा धोका नाहींसा होत नाहीं. (वडिलांनीं हें वाक्य दोनदां वाचावें.) कारण उघड आहे. जवळ बसलेल्या मुलाच्या नाकांत धूर आधीं जातो, यंत्रांत मागाहून.