जंगल कोणाचं? (परिसर अभ्यास – शिक्षक आणि पालकांसाठी)



आजचा पाठ माझ्याच एका चुकीतून तयार झालाय, म्हणून आधी ती चूक सांगते.

चौथीच्या चाचणीत मी एक प्रश्न दिला होता – 'जंगल कोणाच्या मालकीचे असते?' मला अपेक्षित उत्तर होतं 'सरकारच्या'. एका मुलीने लिहिलं, 'आमच्या गावाच्या'. मी लाल पेनाने फुली मारली आणि पुढचा पेपर घेतला. मधल्या सुट्टीत ती पेपर घेऊन माझ्यासमोर उभी. म्हणाली, "मॅडम, आग लागली का विझवाले माझा बाबा जाते. मंग जंगल सरकारचं कसं?"

मी "नंतर सांगते" म्हणून वेळ मारून नेली. खरं सांगायचं तर मला उत्तर येत नव्हतं. डी.एड. ला असताना आपण वनांचे फायदे पाठ केले, पण वनांवर हक्क कोणाचा, हे कधी कुणी विचारलंच नाही.

माझी शाळा पूर्व विदर्भात, जंगलाला लागून आहे. मार्च-एप्रिलमध्ये शाळा सकाळची असते, तरी कितीतरी मुलं उशिरा येतात, कारण पहाटे घरच्यांसोबत मोहफुलं वेचायला जावं लागतं. मे महिन्यात तेंदूपत्ता. त्या पैशांतूनच जूनमध्ये वह्या आणि दप्तरं येतात. अशा मुलांना 'झाडे लावा, झाडे जगवा' एवढंच शिकवून भागणार नाही असं वाटलं, आणि मी वाचायला बसले. जे समजलं ते सोप्या भाषेत मांडते.

१) जंगल सरकारचं कधी झालं?

इंग्रजांना जहाजांसाठी साग हवा होता, रेल्वेच्या रुळांखाली टाकायला लाकूड हवं होतं. म्हणून १८६४ साली वनखातं स्थापन झालं आणि १८६५ साली पहिला वन कायदा आला. १८७८ च्या कायद्याने जंगलांचे राखीव, संरक्षित आणि ग्रामवन असे प्रकार पाडले. यातलं ग्रामवन म्हणजे गावाच्या ताब्यातलं जंगल, पण ते बहुतेक ठिकाणी कागदावरच राहिलं. जिथे काल गुरं चरत होती, तिथे आज चराई हा गुन्हा झाला. महात्मा फुले यांनी 'शेतकऱ्याचा असूड' मध्ये वनखात्यावर टीका केली ती याच कारणाने.

१९३० साली लोकांनी या कायद्याविरुद्ध जंगल सत्याग्रह केला. जुलैमध्ये पुसदला लोकनायक बापूजी अणे यांच्या नेतृत्वाखाली गवत कापून कायदेभंग झाला. २५ सप्टेंबरला उरण तालुक्यातल्या चिरनेरला सत्याग्रहींवर गोळीबार झाला. इतिहासाच्या पुस्तकात आपण हे शिकवतो. पण ज्या १९२७ च्या भारतीय वन कायद्याविरुद्ध हे घडलं, तो स्वातंत्र्यानंतरही चालूच राहिला, हे सांगायचं आपण विसरतो.

२) २००६ च्या कायद्याने काय बदललं?

२००६ साली संसदेने वनहक्क कायदा केला. आदिवासी आणि इतर पारंपरिक वननिवासींवर ऐतिहासिक अन्याय झाला आहे, असं त्याच्या प्रस्तावनेतच मान्य केलं आहे. या कायद्यात दोन तऱ्हेचे हक्क आहेत. कसत असलेल्या जमिनीचा वैयक्तिक हक्क, आणि गावाने मिळून जंगल वापरायचा व सांभाळायचा सामूहिक हक्क. दावा तपासायची सुरुवात ग्रामसभेपासून होते, मग उपविभागीय आणि जिल्हा समितीकडे तो जातो.

आता त्या मुलीच्या पेपरकडे परत येऊ. सामूहिक हक्क मिळालेल्या गावात स्थिती अशी असते –

- जमीन : नोंदीत वनविभागाचीच. गाव ती विकू शकत नाही.
- मोह, तेंदू, मध, बांबू असं गौण वनोपज : त्यावर गावाचा मालकी हक्क.
- जंगलाची राखण आणि नियोजन : ग्रामसभेचा हक्क, आणि जबाबदारीसुद्धा.

म्हणजे माझं उत्तर अर्धं बरोबर होतं, तिचंही अर्धं बरोबर होतं. फुली मात्र तिच्या एकटीच्या वाट्याला आली.

३) बांबू झाड की गवत? मेंढ्याची गोष्ट

गडचिरोली जिल्ह्यात धानोरा तालुक्यात मेंढा (लेखा) हे शंभरएक घरांचं गोंड आदिवासी गाव आहे. 'दिल्ली-मुंबईत आमचं सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार' ही घोषणा याच गावाची. गावातले देवाजी तोफा आणि त्यांच्यासोबत अभ्यास करणारे मोहन हिराबाई हिरालाल यांची नावं आपल्यापैकी अनेकांनी ऐकली असतील. इथे निर्णय बहुमताने होत नाही, सर्वांचं एकमत होईपर्यंत चर्चा चालते.

२००९ साली या गावाला सुमारे १८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला. देशातल्या अगदी सुरुवातीच्या गावांपैकी हे एक. पण गावाने बांबू विकायचं ठरवलं आणि गाडी अडली. बांबू जंगलाबाहेर न्यायला वाहतूक परवाना लागतो आणि तो देणार वनविभाग. १९२७ च्या कायद्यात बांबू 'झाड' होता. २००६ च्या कायद्यात तोच बांबू 'गौण वनोपज' होता. झाड म्हटलं तर खात्याचं, वनोपज म्हटलं तर गावाचं! वनस्पतिशास्त्र विचाराल तर बांबू हे गवत आहे. पण भांडण वनस्पतिशास्त्राचं नव्हतंच. परवाना पुस्तकावर सही कोण करणार, याचं ते भांडण होतं.

शेवटी २७ एप्रिल २०११ रोजी तेव्हाचे केंद्रीय पर्यावरणमंत्री जयराम रमेश आणि मुख्यमंत्री पृथ्वीराज चव्हाण मेंढ्याला आले आणि परवान्याचं पुस्तक ग्रामसभेच्या हाती देण्यात आलं. कायद्याने हक्क मिळाला होताच. पण तो वापरता यावा म्हणून एवढ्याशा गावाला इतका धीर धरावा लागला.

४) दुसरी बाजूही सांगायलाच हवी

वनविभाग वाईट आणि गाव चांगलं, असं शिकवलं तर आपण मुलांना पुन्हा अर्धंच उत्तर देऊ.

माझ्या वर्गात वनरक्षकाचा मुलगाही आहे. त्याचे वडील उन्हाळ्यात रात्री-अपरात्री वणवा विझवायला धावतात. वन्यजीवांसाठी काम करणाऱ्या अनेकांना वाटतं, की हक्कांच्या नावाखाली नवी अतिक्रमणं होतील आणि वाघाचं जंगल तुकड्यातुकड्यांत वाटलं जाईल. म्हणून कायद्यात जमिनीसाठी १३ डिसेंबर २००५ ही तारीख ठरवली आहे. त्यानंतरचा ताबा धरत नाहीत. काही वन्यजीव संस्था या कायद्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयातही गेल्या. १३ फेब्रुवारी २०१९ ला न्यायालयाने दावे फेटाळलेल्यांना जंगलातून काढायचा आदेश दिला आणि दावे नीट तपासले गेले नाहीत असा आक्षेप आल्यावर, २८ फेब्रुवारीला त्यालाच स्थगिती दिली. त्या दोन आठवड्यांत कितीतरी घरांत झोप लागली नसेल.

आणि पैसा हाती आला की गावही जंगल ओरबाडणार नाही कशावरून? ही शंका रास्त आहे. पण चंद्रपूर जिल्ह्यातल्या पाचगावचं उदाहरण बघा. तेंदूपत्त्यासाठी फांद्या छाटतात, आगी लावतात, म्हणून तिथल्या ग्रामसभेने तेंदूपत्ता तोडणंच बंद केलं आणि बांबूवर भर दिला. हमखास मिळणारा पैसा त्यांनी स्वतःहून सोडला. प्रत्येक गाव असं वागेल असं मी म्हणत नाही. पण ज्याला ठरवायचा अधिकार असतो, तोच 'नको' म्हणायला शिकतो, एवढं यातून मला कळलं.

५) वर्गात कसं घ्यायचं?

तिसरी ते पाचवीसाठी दोन तासिका पुरतात.

पहिली तासिका – घरात जंगलातून काय काय येतं, त्याची यादी मुलांनी करायची. सरपण, मोह, डिंक, रानभाज्या, झाडू, औषधी मुळ्या. मग प्रत्येक वस्तूपुढे लिहायचं : हे संपलं तर कोणाचं अडेल?

दुसरी तासिका – वर्गातच ग्रामसभा भरवायची. एक गट गावकरी, एक वनरक्षक, एक बांबूचा व्यापारी आणि एक गट वाघ-हरणांच्या वतीने बोलणारा. विषय एकच : यंदा बांबू किती तोडायचा? अट अशी की हात वर करून मतदान नाही, सगळ्यांचं एकमत हवं.

मी हे करून पाहिलं. गोंधळ खूप झाला. व्यापाऱ्याचा गट रुसून बसला. पण शेवटी वाघाच्या गटाने सांगितलं, "पाण्याजवळचा बांबू सोडा, बाकीचा न्या," आणि सगळे तयार झाले. वनरक्षकाचा मुलगा गावकरी झाला होता आणि ती मुलगी वनरक्षक. ठरवून दिलं नव्हतं, चिठ्ठ्या टाकल्या होत्या.

६) पालकांसाठी दोन शब्द

गावातल्या पालकांनो, ग्रामसभेला जाताना मुलांना कधीतरी सोबत न्या. शाळेत आम्ही ग्रामसभेची व्याख्या देऊ, पण ती चालते कशी हे तुम्हीच दाखवू शकता. शहरातल्या पालकांनो, सफारीला गेलात की वाघ दिसला का, एवढंच मुलांना विचारू नका. या जंगलाच्या कडेला कोण राहतं आणि ते पहाटे कुठे जातात, हेही विचारा.

पुढच्या चाचणीत मी प्रश्न बदलला – 'तुमच्या गावाजवळचे जंगल कोण कोण सांभाळते? दोन वाक्ये लिहा.' त्या मुलीने दोनच्या जागी पाच वाक्ये लिहिली. त्यात वनरक्षकही होता आणि तिचा बाबाही. जुना पेपर मी तिच्याकडून परत मागून घेतला आणि फुलीवर रेघ मारून गुण दिला. अर्धा नाही, पूर्ण.

तुमच्या वर्गात हा पाठ घेतलात तर मुलं काय म्हणाली ते जरूर कळवा.